मिस्त्रीच्या पेटीचं वय कसं ओळखावं?

 

आपला भंडारा पितळेच्या भांड्यांचा जिल्हा. आपल्याकडची एखादी म्हातारी माय पितळेची गुंडी हातात घेते, काठावरून बोट फिरवते आणि सांगते, "ही माझ्या लग्नात मामानं दिली होती." तिला अक्षर येत नसलं तरी ठिपक्याठिपक्यांनी टाकलेलं नाव कुठं आहे ते तिला नेमकं ठाऊक असतं. नाव कुणाचं, गाव कोणतं, साल कोणतं, सगळं त्या काठावर असतं. भांड्याचं वय भांड्यावरच लिहिलेलं असतं, हे आपल्याला कुणी शिकवावं लागत नाही.

पण त्याच घरात बाजेखाली एक लोखंडी पेटी असते. बापाची, सासऱ्याची, नाहीतर आजोबांची. आत पाने, पक्कड, पेचकस, हातोडी, छिन्नी, कानस. खंडेनवमीला आपण ती बाहेर काढतो, पुसतो, हळदकुंकू वाहतो, झेंडूचं फूल ठेवतो आणि परत बाजेखाली ढकलतो. तिच्यावर काय लिहिलं आहे ते मात्र आपण कधी बघत नाही. आज त्याचबद्दल बोलायचं आहे.

दोन कुलपांची पेटी

आमच्या गटातल्या एका मैत्रिणीची ही गोष्ट. घरातली गोष्ट आहे म्हणून नाव सांगत नाही. गाव लाखनी बाजूचं. तिचे सासरे मिस्त्री होते. तेलाची इंजिनं, पाण्याचे पंप, धानाच्या गिरणीची यंत्रं, सगळं दुरुस्त करायचे. सासरे गेले, पेटी राहिली. पेटीच्या पुढच्या अंगाला एक पितळी पट्टी आहे आणि तिच्यावर १९३२ हा आकडा आहे. घरातल्या एका पोरानं तो वाचला. कुणीतरी मोबाइलवर दाखवलं की जुन्या पेट्यांना शहरात लाखाचा भाव येतो. झालं. घरात ठरलं की पेटी इंग्रजांच्या काळची, लाखाच्या खाली द्यायची नाही. धाकटा म्हणे आजच विकू, थोरला म्हणे थांबू, भाव अजून वाढेल. एकमेकांवर भरवसा राहिला नाही म्हणून पेटीला दोन कुलपं लागली. एक किल्ली थोरल्याकडे, एक धाकट्याकडे. असे दोन पावसाळे गेले.

आणि आमची मैत्रीण? तिनं मधल्या काळात हातपंप दुरुस्तीचं शिक्षण घेतलं. गावोगावी पंप सुधारायला जाते. पण एकोणीस नंबरचा पाना लागला तर शेजारच्या गावात जाऊन मागून आणते. घरात पेटीभर पाने आणि हिच्या हातात उसना पाना. एक दिवस कबाडी आला, त्यानं पेटी उचलून बघितली आणि म्हणाला, "लोखंडाच्या भावानं घेतो." म्हणजे एकीकडे लाख रुपये आणि दुसरीकडे किलोचा भाव. ती मला म्हणाली, "ताई, खरं का हाये ते समजावं कसं?"

मग आम्ही दोघा भावांना समोर बसवलं, दोन्ही कुलपं उघडली आणि पेटी वाचायला घेतली. ती कशी वाचली, तेच आज तुम्हाला सांगते.

आधी डोळे, मग हात

पहिली गोष्ट. पेटी घासायची नाही. आपल्याला सवय असते, काही जुनं दिसलं की राख आणि काथ्या घ्यायचा. पितळेच्या भांड्याला ते चालतं. पेटीवर रंगानं छापलेली अक्षरं असतील तर एका घासण्यात ती जातात आणि पेटीचं तोंड कायमचं बंद होतं. शिवाय जुन्या रंगात शिसं असू शकतं. पॉलिश-कागदानं घासलं की त्याची धूळ उडते. ती लेकरांच्या पोटात जाऊ नये.

म्हणून आधी कोरडं फडकं. मग साबणाच्या पाण्यात बुडवून घट्ट पिळलेलं फडकं, तेही आधी मागच्या कोपऱ्यात फिरवून बघा. रंग सुटत नसेल तरच पुढे. मग अंधाऱ्या खोलीत बॅटरी घ्या आणि उजेड समोरून न टाकता बाजूनं, तिरपा टाका. दिवसा न दिसणारे ठसे तिरप्या उजेडात उठून दिसतात. तरी वाचता आलं नाही तर पातळ कागद ठेवून वरून पेन्सिल हलक्या हातानं घासा. लहानपणी आपण नाण्याचं चित्र असंच काढायचो की नाही? तसंच.

बघायचं कुठं? पुढची पट्टी सगळ्यांना दिसते, पण मोलाच्या खुणा लपलेल्या असतात. झाकणाच्या आतल्या बाजूला, मुठीच्या खाली, कुलपाच्या कोयंड्याजवळ, आतला ट्रे उचलल्यावर त्याच्या बुडाला, पेटीच्या तळाला. आणि एकेका पान्याच्या दांडीवर, दोन्ही बाजूंनी. जे सापडेल ते जसंच्या तसं वहीत उतरवा. अर्थ नंतर लावू.

वयाला दोन धुरे असतात

आता अर्थ कसा लावायचा? शेताला जसे दोन बाजूंना धुरे असतात, तसे वस्तूच्या वयालाही दोन धुरे असतात. एक धुरा सांगतो, "याच्या आधीची ही वस्तू असूच शकत नाही." दुसरा सांगतो, "याच्या फार नंतरची ही नसावी." दोन धुऱ्यांच्या मधे जेवढी जमीन, तेवढ्या वर्षांत ती वस्तू तयार झाली.

यातला पहिला धुरा पक्का असतो. जी गोष्ट तेव्हा जगात नव्हती, ती पेटीवर कोण छापणार? तुमच्या जन्माच्या आधीच्या भांड्यावर तुमचं नाव असेल का? दुसरा धुरा जरा कच्चा. गावाचं किंवा राज्याचं नाव बदललं तरी कारखान्यात जुन्या पट्ट्या पडून असतात, त्या संपेपर्यंत लागत राहतात. म्हणून दुसऱ्या धुऱ्याला चार-पाच वर्षांची सूट द्यावी.

पत्ता सांगतो साल

सगळ्यात बोलकी खूण म्हणजे पत्ता. कारखान्याचा किंवा दुकानदाराचा.

पत्त्यात सहा आकड्यांचा पिनकोड आहे का बघा. आपल्या भंडाऱ्याचा ४४१ नं सुरू होतो, मुंबईचा ४०० नं. हा पिनकोड आपल्या देशात १५ ऑगस्ट १९७२ ला सुरू झाला. त्याच्या आधी मुंबई-कलकत्त्यासारख्या मोठ्या शहरांत नुसता एक-दोन आकडी विभाग असायचा, "बॉम्बे ४" असा. तेव्हा पट्टीवर पिनकोड दिसला की पहिला धुरा पक्का झाला: १९७२ च्या ऑगस्टच्या आधीची नाही.

मग राज्याचं नाव. आपला जिल्हा किती राज्यांत फिरून आला, हे आपल्यालाच आठवत नाही. इंग्रजांच्या काळात आपण मध्य प्रांतात होतो. पत्त्यावर नुसतं "सी. पी." लिहायचे. १९५० साली त्याचं मध्य प्रदेश झालं. १ नोव्हेंबर १९५६ ला आपण मुंबई राज्यात आलो आणि १ मे १९६० ला महाराष्ट्रात. म्हणून नागपूरच्या दुकानदाराच्या छापावर "सी. पी." असेल तर तो १९५० च्या आसपास किंवा आधीचा. "नागपूर, मध्य प्रदेश" असेल तर १९५० ते १९५६ मधला. आणि "गोंदिया, जिल्हा भंडारा" असेल तर तो १ मे १९९९ च्या आधीचा समजा, कारण त्या दिवशी गोंदिया वेगळा जिल्हा झाला.

शहरांची नावंही बघा. बॉम्बेचं मुंबई १९९५ ला झालं, मद्रासचं चेन्नई १९९६ ला, कलकत्त्याचं कोलकाता २००१ ला. परदेशी पान्यावर "पश्चिम जर्मनी" असेल तर तो १९४९ ते १९९० मधला, कारण तेवढीच वर्षं जर्मनीचे दोन देश होते. "चेकोस्लोव्हाकिया" असेल तर १९१८ ते १९९२, कारण त्यानंतर तो देशच दोन झाला.

किंमत किंवा बिल चिकटवलेलं असेल तर तेही साल सांगतं. आणे आणि पै असतील तर १ एप्रिल १९५७ च्या आधीचं. "नये पैसे" असतील तर १९५७ ते १९६४. रुपयाची आजची खूण, वर आडव्या दोन रेघांचा "र", ही २०१० ची. दहा आकडी मोबाइल नंबर १९९५ च्या आधीचा असूच शकत नाही, कारण त्या साली आपल्या देशात मोबाइल आला. आणि "जीएसटी" चा क्रमांक, जो महाराष्ट्रात २७ नं सुरू होतो, तो १ जुलै २०१७ नंतरचा.

रेल्वे आणि खाणीच्या खुणा

आपल्या भागात आणखी एक सोय आहे. इथं रेल्वे आहे, मँगनीजच्या खाणी आहेत, जवाहरनगरचा आयुध कारखाना आहे, वरठीचा पोलादाचा, गडेगावचा गाड्यांचा कारखाना आहे. त्यामुळे घराघरात कुणी फिटर, कुणी खलाशी, कुणी वेल्डर. आणि जुन्या पान्यांवर कधी कधी अशा ठिकाणांचे ठसे सापडतात.

वरठीच्या भंडारा रोड स्टेशनावरून आणि तुमसर रोडवरून जी मोठी लाईन जाते, ती आधी बंगाल नागपूर रेल्वेची होती. इंग्रजी अक्षरं बी. एन. आर. ही कंपनी १८८७ ला निघाली. १९४४ ला सरकारनं तिचा कारभार ताब्यात घेतला, पण नाव राहिलं. १९५२ ला ती पूर्व रेल्वेत मिळवली. १९५५ ला दक्षिण पूर्व रेल्वे वेगळी झाली, तिचा ठसा "एस. ई. आर." किंवा हिंदीत "द. पू. रे." २००३ पासून आपण दक्षिण पूर्व मध्य रेल्वेत आहोत, म्हणजे "द. पू. म. रे." बघा, चार अक्षरांत शंभराहून जास्त वर्षांचा हिशेब. पान्यावर बी. एन. आर. असेल तर तो १८८७ ते १९५२ मधला, यात शंका नाही.

खाणीचंही तसंच. चिखला आणि डोंगरी बुजुर्ग इथल्या खाणी आपल्याला माहीत आहेत. या भागातल्या मँगनीजच्या कितीतरी खाणी आधी सी. पी. एम. ओ. या इंग्रजांच्या कंपनीकडे होत्या. १९६२ साली त्या घेऊन आजची मॉयल उभी झाली. म्हणजे सी. पी. एम. ओ. ची अक्षरं दिसली तर १९६२ च्या आधीचं हत्यार.

कधी कधी कोंबडीच्या पायासारखी, वर टोक केलेल्या बाणाची खूण दिसते. ती इंग्रज सरकारच्या लष्करी मालाची. दुसरं महायुद्ध १९४५ ला संपलं, त्यानंतर असा पुष्कळ माल सरकारनं विकून टाकला. जुने मिस्त्री त्याला "डिस्पोजलचा माल" म्हणायचे आणि तो आवडीनं घ्यायचे, कारण लोखंड दणकट.

आता एक सावधगिरीची गोष्ट. पान्यावर रेल्वेचा ठसा आहे म्हणजे घरातल्या माणसानं तो चोरून आणला, असा अर्थ नाही. रेल्वे जुना माल लिलावात विकते आणि तिथून तो बाजारात फिरतो. पण १९६६ चा एक कायदा आहे. रेल्वेचा माल बेकायदा जवळ बाळगला तर गुन्हा होतो. म्हणून नवा दिसणारा, ठसा ताजा असलेला रेल्वेचा माल कबाड्याकडून स्वस्तात मिळतो म्हणून घेऊ नका. जुनं काही घरात असेल आणि त्याचं बिल, लिलावाची पावती, निवृत्तीच्या वेळचा कागद सापडला तर तो पेटीतच जपून ठेवा. शंका वाटली तर तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते. बायांना तिथं फुकट सल्ला मिळतो, तो आपला हक्क आहे.

फसवणारे आकडे

आता सगळ्यात महत्त्वाचं ऐका. पेटीवर जो आकडा वर्षासारखा दिसतो, तो पेटीचं वर्ष असेलच असं नाही.

पहिला फसवा आकडा म्हणजे स्थापनेचा. कारखाना कधी निघाला ते साल मालक मोठ्या अभिमानानं पट्टीवर टाकतो. ते त्याच्या कारखान्याचं जन्मसाल, पेटीचं नाही. आपल्याकडच्या एखाद्या भांड्याच्या दुकानावर "स्थापना १९४०" असतं, म्हणून काल तिथून आणलेली कढई १९४० ची होते का?

दुसरा फसवा आकडा आय. एस. आय. च्या खुणेजवळचा. या खुणेचा कायदा १९५२ चा, त्यामुळे ती खूण दिसली तर वस्तू स्वातंत्र्यानंतरची, हे नक्की. पण खुणेजवळ कधी कधी एक क्रमांक, मग दोन टिंबं आणि मग साल लिहिलेलं असतं. ते साल त्या नियमाचं आहे, की अमुक पाना कसा असावा हे अमुक साली ठरलं. पाना त्यानंतर वीस वर्षांनीही बनलेला असू शकतो. म्हणून ते साल फक्त पहिला धुरा समजा.

तिसरा म्हणजे नमुन्याचा नंबर. १९२५ किंवा १८५० असा नुसता आकडा मापाचा किंवा यादीतल्या क्रमांकाचाही असतो. आजूबाजूला शब्द नसेल तर त्याला साल म्हणू नका.

पान्यांवरची मापं

पेटीचं वय एक, आतल्या पान्यांचं वय दुसरं. हे पक्कं ध्यानात ठेवा. नव्या सुनेच्या डब्यात सासूच्या काळची पळी असते की नाही?

जुन्या विलायती पान्यांवर १/४, ३/८ असे अपूर्णांक आणि पुढे इंग्रजी "डब्ल्यू" असतो. हे व्हिटवर्थचं माप. जोसेफ व्हिटवर्थ नावाच्या इंग्रजानं १८४१ साली बोल्ट आणि आट्यांची मापं एकसारखी करायचा मार्ग दाखवला, त्याचं नाव त्या मापाला पडलं. जुनी विलायती इंजिनं, जुने ट्रक, गिरण्यांची यंत्रं यांचे नट-बोल्ट याच मापाचे. गंमत म्हणजे या पान्यावरचा आकडा पान्याच्या तोंडाचा नसतो, बोल्टच्या जाडीचा असतो. म्हणून १/४ लिहिलेल्या जुन्या पान्याचं तोंड पाव इंच नसतं, अर्ध्या इंचाहून जरा मोठं, साधारण १३.३ मिलिमीटर असतं. तिथं तेराचा पाना बसत नाही आणि चौदाचा सैल बसतो. सैल पान्यानं नटाचे कोपरे झिजतात आणि मग तो नट छिन्नीनंच काढावा लागतो. आमच्या मैत्रिणीला हे ऐकून हसू आलं. म्हणाली, "मागच्या वर्षी एका जुन्या इंजिनावर माझी अर्धी दुपार याच्यातच गेली."

मिलिमीटरचे आकडे, म्हणजे १०, १३, १७, १९ असे, आपल्याकडे सर्रास दिसायला लागले ते दशमान पद्धतीनंतर. तो कायदा १९५६ चा, आणि १९५८ पासून शेर-मण जाऊन हळूहळू किलो आला. परदेशात मिलिमीटरचे पाने आधीही बनत होते, म्हणून नुसत्या मिलिमीटरवरून वय ठरवू नका. पण सगळी पेटी इंचाच्या पान्यांची असेल तर मिस्त्रीनं जुन्या यंत्रांवर हात चालवला, आणि दोन्ही मापं असतील तर त्यानं बदलता काळ बघितला, एवढं ती पेटी नक्की सांगते.

बांधणीही बघा. पेटीच्या स्क्रूवर अधिकच्या चिन्हासारखी खाच असेल तर तो स्क्रू १९३० च्या दशकाच्या आधीचा नाही, कारण तशी खाच तेव्हाच निघाली. पण एखादा स्क्रू नंतरही बदललेला असतो. चारही सारखे, एकाच गंजाचे असतील तरच त्यांची साक्ष धरा.

मैत्रिणीच्या पेटीनं काय सांगितलं

आता आपल्या दोन कुलपांच्या पेटीकडे येऊ. पितळी पट्टीवर हळदीकुंकवाचे आणि ग्रीसचे थर होते. ओल्या फडक्यानं पुसल्यावर १९३२ च्या आधीचा शब्द दिसला. तो होता "स्थापना". दोघा भावांनी एकमेकांकडे बघितलं. खाली पत्ता होता, बॉम्बे, आणि त्याच्यापुढे ४०० नं सुरू होणारे सहा आकडे. पिनकोड. म्हणजे पेटी ऑगस्ट १९७२ च्या आधीची नाही. इंग्रज जाऊन पंचवीस वर्षं झाल्यावरची.

मग आतले पाने. बरेचसे मिलिमीटरचे, सहा-सात व्हिटवर्थचे. एका पान्यावर बी. एन. आर. हा पाना १९५२ च्या आधीचा, म्हणजे पेटीहून वीस वर्षांनी तरी थोरला. पण एका थोरल्या पान्यानं पेटी थोरली होत नाही. तो पाना घरात कसा आला ते सासूबाईंना माहीत नव्हतं. तिथं आम्ही थांबलो. खूण सांगते तेवढंच घ्यायचं, पुढची कहाणी आपण रचायची नाही.

शेवटी ट्रे उचलला आणि झाकणाच्या आत बॅटरी तिरपी धरली. काळपट रंगाखाली ठिपके दिसले. आपल्या भांड्यांवर असतात तसेच, पंचानं एक एक ठोकलेले. कागद ठेवून पेन्सिल घासली. सासऱ्यांचं नाव उमटलं, खाली गावाचं नाव आणि त्याच्याखाली "दसरा १९७८".

सासूबाई तोवर दाराशी बसून बघत होत्या. मी मोठ्यानं वाचलं तेव्हा म्हणाल्या, "तो दसरा मले आठवते. धाकटा पोटात होता माह्या. म्हणे, आता आपली सोताची पेटी झाली." आधी ते दुसऱ्याच्या हाताखाली, दुसऱ्याच्या पेटीतून काम करायचे.

म्हणजे दोन धुरे मिळाले. ऑगस्ट १९७२ च्या आधीची नाही, आणि दसरा १९७८ च्या नंतरची नाही. मधे सहा वर्षं. एवढं नेमकं वय कुठल्याही कबाड्यानं नाही, त्या पेटीनंच सांगितलं. आणि जो धाकटा ती विकायला निघाला होता, तो तिच्यापेक्षा लहान निघाला.

लाखाचं काय झालं? लाख नव्हतेच. आपल्या कायद्यात पुरावस्तू म्हणायला साधारणपणे वस्तू शंभर वर्षांची लागते, आणि नुसतं वय झालं म्हणजे भाव येतो असंही नाही. पण कबाड्याचा किलोचा भावही खरा नव्हता. चांगल्या पोलादाचा, न झिजलेला पाना आजही कामाचा आहे. तसा नवा घ्यायला गेलं की त्याची किंमत कळते. आम्ही वहीत एकेक पाना लिहिला, कामाचे आणि झिजलेले वेगळे केले. गंजलेल्यांना तेल लावलं.

दुसऱ्या दिवशी थोरल्या जाऊबाई स्वतः आल्या आणि आपली किल्ली आमच्या मैत्रिणीच्या हातात ठेवली. म्हणाल्या, "पाने तू वापर. पेटी आईजवळ राहू दे." धाकटा अजून म्हणतो की शहरात नेली असती तर काहीतरी मिळालंच असतं. म्हणू दे. सतरा आणि एकोणीसचा पाना आता उसना आणावा लागत नाही.

गटाच्या बैठकीत करून बघा

मैत्रिणींनो, हे काम शिकलेल्या माणसाचंच आहे असं नाही. पुढच्या बैठकीला कुणीतरी घरची पेटी आणा. एक वही, एक बॅटरी, एक पेन्सिल, थोडा पातळ कागद. वहीत तीन रकाने पाडा. पहिल्यात खूण जशी दिसते तशी. दुसऱ्यात ती कुठं सापडली. तिसऱ्यात धुरा: "याच्या आधीची नाही" की "याच्या नंतरची नाही". पेटी, पाने आणि नाव यांचा हिशेब वेगवेगळा ठेवा. आणि घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या बाईला जवळ बसवा. खूण साल सांगेल, पण त्या सालात घरात काय चाललं होतं ते तीच सांगेल.

विकायचं की ठेवायचं, ते ज्याच्या त्याच्या घराची गरज ठरवेल. अडचण असेल तर विका, त्यात लाज नाही. पण न वाचता विकू नका आणि न वाचता भांडूही नका. येत्या खंडेनवमीला पेटीला कुंकू लावाल तेव्हा अक्षरांवर लावू नका, जरा बाजूला लावा. खालचं नाव दिसत राहू द्या.

आजच्यापुरतं एवढंच. नमस्कार.